एरल मॉरिस आणि गुन्ह्यांचे माहितीपट : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ओटीटीवर गुन्ह्यांच्या मालिकांची रीघ लागल्यापासून हे माहितीपट करणारा माणूस दिवसभर नेमके काय करतो, पोट कशावर भरतो आणि तुरुंगातल्या माणसासमोर कॅमेरा घेऊन बसण्याचा अधिकार त्याला कोणी दिला, असे प्रश्न सतत कानावर येतात. त्यांची उत्तरे सर्वसाधारण भाषेत दिली तर ती गुळगुळीत होतात. म्हणून येथे एकाच दिग्दर्शकाची कारकीर्द समोर ठेवली आहे. टेक्ससमधल्या डॅलस शहरातील एका पोलिसाच्या खुनाच्या खटल्यावरचा ‘द थिन ब्लू लाइन’ हा त्यांचा १९८८ चा चित्रपट आजच्या बहुतेक गुन्हे-माहितीपटांचा मूळपुरुष म्हणता येईल.

एरल मॉरिस कोण आहेत?

अमेरिकेतील न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर ५ फेब्रुवारी १९४८ रोजी त्यांचा जन्म झाला. ते दोन वर्षांचे असताना वडील वारले. आई संगीत शिकवत असे. विस्कॉन्सिन विद्यापीठातून त्यांनी इतिहासाची पदवी घेतली, मग प्रिन्स्टनला विज्ञानाच्या इतिहासाचा अभ्यास सुरू केला आणि तिथे थॉमस कून या नामवंत प्राध्यापकांशी त्यांचे बिनसले. वाद विकोपाला गेला तेव्हा कून यांनी आपल्या अंगावर राखेने भरलेला ॲशट्रे फेकला, असे मॉरिस सांगतात आणि त्यावर त्यांनी पुढे एक अख्खे पुस्तकही लिहिले. तिथून ते बर्कलीला तत्त्वज्ञान शिकायला गेले, पण वर्गापेक्षा तिथल्या चित्रपट संग्रहालयातच अधिक रमले. चित्रपटाचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतलेले नाही. ‘सत्य असे काही असते का, आणि असलेच तर ते आपल्याला कळते कसे’ हा वर्गात अर्धवट राहिलेला वाद त्यांनी पुढची पन्नास वर्षे कॅमेऱ्याने चालवला, असे आम्हाला वाटते.

सुरुवातीपासूनच ते गुन्ह्यांवर चित्रपट करत होते का?

ओढ सुरुवातीपासून होती, चित्रपट मात्र झाले नाहीत. १९७० च्या दशकाच्या मध्यावर ते विस्कॉन्सिनमधल्या प्लेनफिल्ड या गावी जाऊन बरेच महिने राहिले, कारण थडगी उकरणारा कुप्रसिद्ध खुनी एड गीन त्याच गावचा. गावकऱ्यांच्या मुलाखतींचा ढीग जमला, पण त्यातून ना पुस्तक झाले ना चित्रपट. गीनने स्वतःच्या आईचेही थडगे उकरले होते का, हे पाहण्यासाठी आपण दोघांनी ते खणून बघावे असा बेत त्यांनी जर्मन दिग्दर्शक वर्नर हर्झॉग यांच्याबरोबर आखला होता. हर्झॉग ठरल्या वेळी येऊन थांबले. मॉरिस फिरकलेच नाहीत.

त्यानंतर फ्लॉरिडातील व्हर्नन हे गाव त्यांनी हेरले. विम्याच्या पैशासाठी तिथले काही लोक आपलेच हातपाय तोडून घेतात, अशी त्या गावाची ख्याती होती. मॉरिस विचारपूस करू लागले तशा जिवे मारण्याच्या धमक्या येऊ लागल्या. अखेर विम्याचा विषय बाजूला पडला आणि त्याच गावातल्या तऱ्हेवाईक, गप्पिष्ट माणसांवर ‘व्हर्नन, फ्लॉरिडा’ हा १९८१ चा छोटा चित्रपट तयार झाला. त्याआधी १९७८ मध्ये त्यांनी पाळीव प्राण्यांच्या दफनभूमीवर ‘गेट्स ऑफ हेवन’ केला होता. मॉरिसने हा चित्रपट पुरा केला तर मी माझा बूट खाईन, अशी पैज हर्झॉग यांनी लावली होती. चित्रपट पुरा झाला आणि त्यांनी बूट शिजवून चारचौघांत खाल्ला. एवढा गाजावाजा होऊनही पुढच्या चित्रपटासाठी पैसे देणारे कोणी पुढे आले नाही.

ते खरोखर खासगी गुप्तहेर होते का?

होते. पैशांची चणचण असताना १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी न्यूयॉर्कमध्ये एका गुप्तहेर संस्थेसाठी काम केले. समोरच्याला बोलते ठेवायचे, त्याचे म्हणणे कागदावरच्या नोंदींशी ताडून पाहायचे आणि विसंगती सापडली तरी चेहऱ्यावर दाखवायची नाही, ही त्या नोकरीतली शिस्त पुढे डॅलसमध्ये उपयोगी पडली. चित्रपटशाळेपेक्षा ही नोकरीच त्यांच्या धंद्याची खरी उमेदवारी ठरली.

डॅलसचे प्रकरण काय होते?

२८ नोव्हेंबर १९७६ रोजी मध्यरात्र उलटून गेल्यावर डॅलस शहरात रॉबर्ट वुड नावाच्या पोलिस अधिकाऱ्याने दिवे न लावता चाललेली एक निळी मोटार थांबवली. दिवे लावा, एवढेच सांगण्यासाठी ते चालकाच्या खिडकीपाशी गेले आणि आतून झाडलेल्या गोळ्यांनी जागीच कोसळले. मोटार निघून गेली. वुड यांच्याबरोबर गस्तीवर असलेल्या सहकारी महिला अधिकाऱ्याला तिचा क्रमांक टिपता आला नाही, आणि मोटार कोणत्या बनावटीची होती याबद्दलही सुरुवातीचा समज चुकीचा निघाला. पोलिस कितीतरी दिवस भलत्याच बनावटीची मोटार शोधत राहिले.

माग लागला तो डॅलसपासून शेकडो किलोमीटर दूर, व्हायडर या गावी. तिथला डेव्हिड हॅरिस हा सोळा वर्षांचा मुलगा आपण डॅलसमध्ये पोलिसाला उडवल्याची फुशारकी मित्रांपुढे मारत होता. मोटार त्याने चोरलेली, पिस्तूल त्याच्या वडिलांचे. पकडल्यावर मात्र त्याने जबानी फिरवली : ती फुशारकी खोटी होती, गोळ्या झाडल्या त्या मी वाटेत मोटारीत घेतलेल्या रँडल डेल ॲडम्स नावाच्या माणसाने. ॲडम्स ओहायोतून कामधंद्यासाठी नुकताच डॅलसला आलेला होता. त्याच्या गाडीतले पेट्रोल संपले, हॅरिसने त्याला मोटारीत घेतले, दोघांनी तो दिवस एकत्र घालवला आणि संध्याकाळी मोटारीत बसून पाहायच्या चित्रपटगृहातही ते गेले, इथपर्यंत दोघांचे म्हणणे जुळते. त्यानंतर आपण मुक्कामाच्या खोलीवर परतून झोपलो, असे ॲडम्स शेवटपर्यंत सांगत राहिला.

टेक्ससमध्ये सोळा वर्षांच्या मुलाला फाशी देता येत नव्हती. सत्तावीस वर्षांच्या माणसाला देता येत होती. पोलिसाचा खून झालेला, शहर खवळलेले आणि सरकारी पक्षाला फाशी हवी होती, ही पार्श्वभूमी चित्रपटात कोणी भाषण करून सांगत नाही. एकामागून एक मुलाखती ऐकताना ती आपोआप उलगडते. १९७७ मध्ये ॲडम्सला दोषी ठरवून मृत्युदंड दिला गेला. १९७९ च्या मे महिन्यात फाशीची तारीखही पक्की झाली होती, ती अवघी तीन दिवसांवर आली असताना सर्वोच्च न्यायालयाने स्थगिती दिली. १९८० मध्ये ज्युरीच्या निवडीतील घटनात्मक दोषामुळे त्या न्यायालयाने आठ विरुद्ध एक अशा बहुमताने मृत्युदंड रद्द केला. मग फेरखटला टाळण्याची तरतूद कशी झाली पाहा : राज्यपालांनी शिक्षा जन्मठेपेवर आणली, आणि फाशीच उरली नाही म्हटल्यावर खटला पुन्हा चालवण्याचे कारणही उरले नाही. ॲडम्स दोषी तो दोषीच राहिला.

मॉरिस या प्रकरणापर्यंत कसे पोहोचले?

वाट चुकून. त्यांना चित्रपट करायचा होता जेम्स ग्रिगसन या मानसोपचारतज्ज्ञावर. टेक्ससच्या कायद्यानुसार मृत्युदंड देण्यापूर्वी ‘हा माणूस पुढेही समाजाला धोका ठरेल’ असा निष्कर्ष ज्युरीने काढावा लागे, आणि तसे सांगणाऱ्या साक्षी ग्रिगसन यांनी शंभरांहून अधिक खटल्यांत दिल्या होत्या. लोक त्यांना ‘डॉक्टर डेथ’ म्हणत. अशा साक्षींमुळे शिक्षा झालेल्या कैद्यांना मॉरिस एकेक करून भेटू लागले आणि त्या यादीत ॲडम्स होता. त्याच्याशी ग्रिगसन यांची भेट जेमतेम काही मिनिटांची. त्यात त्यांनी काही आकृत्या काढायला लावल्या आणि दोन-तीन म्हणींचे अर्थ विचारले. म्हणीच्या अर्थावरून माणूस जगण्यास लायक आहे की नाही हे ठरवायचे! आपल्याकडच्या शाळेतला मराठीचा पेपर याहून दयाळू म्हणायचा.

ॲडम्स निर्दोष आहे अशी मॉरिस यांची पहिल्या भेटीत मुळीच खात्री झाली नव्हती. तुरुंगातला प्रत्येक जण आपण निरपराध असल्याचेच सांगतो. ते ऑस्टिनला गेले आणि खटल्याचे कामकाज वाचत बसले. हॅरिसने सांगितलेल्या वेळा जुळत नव्हत्या, साक्षीदारांची वर्णने एकमेकांशी भांडत होती. तिथे ग्रिगसन मागे पडले आणि हा खटला पुढे आला. या धंद्यात निर्णायक क्षण बहुधा असाच येतो, कागदांच्या ढिगाऱ्यात, एकट्याने वाचताना.

चित्रपटाने नेमके काय सिद्ध केले?

खून कोणी केला, याचा नवा प्रत्यक्ष पुरावा चित्रपटाने सापडवलेला नाही. साक्षीदारांच्या साक्षींना त्याने एकेक करून पुन्हा बोलते केले आणि त्यातल्या भेगा त्यांच्याच तोंडून दाखवल्या.

सरकार पक्षाची एक महत्त्वाची साक्षीदार होती. आपण त्या वेळी मोटारीने जवळून जात होतो आणि चालकाचा चेहरा पाहिला, असे तिने न्यायालयात शपथेवर सांगितले. ओळख परेडमध्ये आपण ॲडम्सलाच ओळखले, असेही सांगितले. मॉरिस यांच्या कॅमेऱ्यापुढे ती मोठ्या उत्साहाने बसते. लहानपणापासून आपल्याला गुप्तहेर, नाहीतर निदान गुप्तहेराची बायको व्हायचे होते, हे ती हौसेने सांगते. आणि बोलण्याच्या ओघात आपण ओळख परेडमध्ये ॲडम्सला ओळखू शकलो नव्हतो आणि खरा माणूस कोणता हे नंतर एका पोलिसाने आपल्याला दाखवले, हेही ती सांगून जाते. मॉरिस यांनी तिला उलटतपासणीत पकडलेले नाही. ते फक्त ऐकत होते. तिला थांबवले असते तर ते वाक्य आलेच नसते.

दुसरी गोष्ट स्वतः हॅरिसची. १९८५ मध्ये बोमाँट येथे त्याने आणखी एका माणसाचा खून केला आणि त्यासाठी त्याला फाशीची शिक्षा झाली होती. त्याची मुलाखत तुरुंगातच घ्यावी लागली. ५ डिसेंबर १९८६ रोजीच्या शेवटच्या भेटीत कॅमेरा बंद पडला, त्यामुळे मॉरिस यांनी साधा ध्वनिमुद्रक समोर ठेवला. चित्रपटाच्या अखेरीस पडद्यावर माणूस दिसत नाही. फिरणारी फीत, तिची छोटी चाके, यंत्राची कड एवढेच अगदी जवळून दिसते आणि हॅरिसचा शांत आवाज ऐकू येतो. ॲडम्स निर्दोष आहे का, असे विचारल्यावर तो आहेच असे हॅरिस म्हणतो. हे तुला कसे ठाऊक, यावर ते ठाऊक असणारा मीच, अशा अर्थाचे उत्तर देतो. ‘गोळ्या मी झाडल्या’ हे शब्द तो उच्चारत नाही. यंत्र बिघडल्यामुळे हाती आलेला हा प्रसंग सगळ्या चित्रपटात सर्वांत परिणामकारक ठरला, हे कोणत्याही दिग्दर्शकाला नम्र करणारे आहे.

डिसेंबर १९८८ मध्ये न्यायाधीश लॅरी बराका यांच्यासमोर सुनावणी झाली आणि त्यांनी नव्याने खटला चालवण्याची शिफारस केली. १ मार्च १९८९ रोजी टेक्ससच्या फौजदारी अपील न्यायालयाने शिक्षा रद्द केली. सरकार पक्षाने आरोपीच्या बाजूचा पुरावा दडवला आणि त्या साक्षीदाराची खोटी साक्ष वापरली, असा निष्कर्ष त्या निकालात आहे. २१ मार्चला ॲडम्स बाहेर आला आणि लगेचच आरोप मागे घेण्यात आले. तोवर त्याची बारा वर्षे गेली होती.

घटनेची दृश्ये नटांकडून करवून घेणे हे माहितीपटात चालते का?

या प्रश्नावर १९८८ मध्ये बरेच रण माजले. तोवर अमेरिकेत गंभीर माहितीपट म्हणजे हातात धरलेला कॅमेरा, नैसर्गिक प्रकाश आणि घडेल ते टिपणे, अशी समजूत होती. मॉरिस यांनी रात्रीचा रस्ता, लाल दिव्याची उघडझाप आणि पिस्तुलाचे तोंड हे सगळे रचून, प्रकाशयोजना करून चित्रित केले आणि त्यावर फिलिप ग्लास यांचे गोल गोल फिरणारे संगीत घातले.

मात्र त्यांची रचलेली दृश्ये आजच्या मालिकांतल्यासारखी नाहीत, हे ध्यानात घेतले पाहिजे. आजच्या मालिकेत काळोखात धावणारा नट आणि पडद्याआडची सावली ‘असे घडले’ म्हणून दाखवली जाते. मॉरिस यांनी तोच गोळीबार प्रत्येक साक्षीनुसार वेगळा दाखवला : या साक्षीत मोटारीत एक माणूस, त्या साक्षीत दोन, केस कधी दाट, कधी निराळे. वुड यांची सहकारी नियमाप्रमाणे खाली उतरून मागे उभी होती की गाडीतच बसून मिल्कशेक पीत होती, हा खटल्यातला एक कळीचा मुद्दा होता, कारण त्यावर तिला काय दिसले असेल हे अवलंबून होते. मॉरिस यांनी तो मिल्कशेकचा पेला हवेतून मंद गतीने जाताना आणि जमिनीवर आपटून सांडताना दाखवला आहे. खुनाच्या चित्रपटात एका पेल्यावर इतका वेळ घालवणे कोणाला चमत्कारिक वाटेल. पण पंचनाम्यातली एखादी किरकोळ ओळ सगळा खटला फिरवू शकते, हे वकिलांना सांगावे लागत नाही.

पुढच्या पिढीने मॉरिस यांच्याकडून लाल दिवा, संथ गती आणि संगीत उचलले, पण साक्षींची ती तुलना बहुतेकांनी टाकून दिली, ही आमची तक्रार आहे.

ते मुलाखत कशी घेतात? ‘इंटरोट्रॉन’ म्हणजे काय?

बातमीदार ज्या यंत्रावरून मजकूर वाचतात त्या टेलिप्रॉम्प्टरच्या काचेवर अक्षरांऐवजी मॉरिस यांचा चेहरा दिसतो. त्याच काचेमागे कॅमेरा असतो. त्यामुळे उत्तर देणारा मॉरिस यांच्या डोळ्यांत पाहतो आणि प्रेक्षकाला तो थेट आपल्याकडे पाहतो आहे असे वाटते. या रचनेला त्यांच्या पत्नीने सुचवलेले नाव म्हणजे इंटरोट्रॉन. डॅलसच्या चित्रपटात ही युक्ती नव्हती. ती १९९० च्या दशकात आली. व्हिएतनाम युद्धाच्या काळातील संरक्षणमंत्री रॉबर्ट मॅकनमारा यांच्यावरील ‘द फॉग ऑफ वॉर’मध्ये तिचा परिणाम सर्वांत चांगला दिसतो.

यंत्रापेक्षा सवय मोठी. माणसाला न अडवता बोलू दिले तर काही मिनिटांतच तो स्वतःबद्दल नको ते सांगू लागतो, यावर मॉरिस यांचा भरवसा आहे. मौन सहन होणे हेच या कामातले अवघड कौशल्य आहे आणि आपल्या वाहिन्यांवरचे निवेदक पाहता ते फार दुर्मीळही आहे.

या चित्रपटाला ऑस्कर मिळाले का?

नाही, साधे नामांकनही मिळाले नाही. वितरकांनीही तो ‘माहितीपट’ म्हणून न विकता ‘नॉनफिक्शन’ म्हणून विकला. वितरण कंपनीच्या प्रमुखाने त्या वेळी मॉरिस यांना एक पत्र लिहिले होते : तुमची रेडिओ मुलाखत कंटाळवाणी झाली, जरा छोटी वाक्ये बोला आणि लोकांना सांगा की हा चित्रपट भयपटापेक्षा भीतिदायक आहे. मुलाखती घेण्यात वाकबगार असलेल्या माणसाला मुलाखत देता येत नव्हती. १९८९ मध्ये त्यांना मॅकार्थर शिष्यवृत्ती मिळाली, आणि ऑस्कर पुढे ‘द फॉग ऑफ वॉर’ला मिळाले.

सुटका झालेल्या ॲडम्सने मॉरिस यांच्यावरच दावा लावला, हे खरे आहे का?

खरे आहे, आणि हा धंदा करू इच्छिणाऱ्याने हा भाग दोनदा वाचावा. तुरुंगात असताना ॲडम्सने आपल्या जीवनकथेच्या हक्कांबाबत मॉरिस यांच्याशी करार केला होता. बाहेर आल्यावर त्याला आढळले की स्वतःची कथा सांगण्याचा हक्क आपल्याकडे राहिलेला नाही. प्रकरण न्यायालयापर्यंत गेले आणि १९८९ मध्येच तडजोडीने मिटले. पुढील वापराचे हक्क ॲडम्सकडे परत आले. आपण पैशासाठी भांडत नव्हतो, असे ॲडम्स म्हणत असे. मॉरिस यांना हे लागले असणार. ज्याच्यासाठी वर्षे घालवली त्यानेच वकील लावला.

यात कोणी एक जण चूक आहे असे आम्हाला वाटत नाही. ज्या माणसाच्या आयुष्यातले एवढेच धन उरले आहे त्याच्याकडून तुरुंगाच्या जाळीआडून सही घेतली जाते, तेव्हा ती सही कितीही कायदेशीर असली तरी सौदा बरोबरीचा नसतो. राज्याने चुकीच्या शिक्षेबद्दल त्याला काहीच भरपाई दिली नाही, हे लक्षात घेतले म्हणजे त्याची तगमग अधिक कळते.

अशा कामात पोट भरते का?

केवळ त्यावर क्वचितच. डॅलसच्या चित्रपटाला अमेरिकेतील सार्वजनिक दूरचित्रवाणीशी संबंधित निधीचा आधार होता आणि तरीही काम काही वर्षे रेंगाळले. नंतर मॉरिस यांनी घर चालवले ते जाहिरातींवर. बिअरपासून संगणकापर्यंत शेकडो जाहिराती त्यांनी केल्या. ॲपलच्या २००२ मधल्या, सामान्य ग्राहक कॅमेऱ्याकडे पाहून बोलतात त्या जाहिरातींची मालिका त्यांचीच. ‘कलावंताने जाहिराती कराव्यात का’ हा प्रश्न आपल्याकडे फार गंभीरपणे विचारला जातो. मॉरिस यांच्याबाबतीत उत्तर सरळ आहे : त्या केल्या म्हणून बाकीचे करता आले.

मुलाखत देणाऱ्यांना पैसे द्यावेत का?

इराकमधील अबू गरैब तुरुंगातल्या छळाच्या छायाचित्रांवर मॉरिस यांनी २००८ मध्ये ‘स्टँडर्ड ऑपरेटिंग प्रोसीजर’ केला. त्याला बर्लिन महोत्सवात ज्युरींचे मोठे पारितोषिक मिळाले, पण मुलाखत देणाऱ्या काही जणांना पैसे दिल्याचे कळल्यावर टीकाही झाली. पत्रकारितेत हे निषिद्ध मानतात. चित्रपटवाले म्हणतात की ज्याच्या वेळावर आम्ही कमावतो त्याला मोबदला देण्यात गैर काय. आमचे मत : पैसे दिले असतील तर ते चित्रपटातच सांगावे, आणि खटला चालू असताना साक्षीदाराला तर एक पैसाही देऊ नये, कारण उलटतपासणीत पहिला प्रश्न त्याचाच येईल.

एखाद्याला सोडवण्याचे काम त्यांना पुन्हा जमले का?

नाही. फोर्ट ब्रॅग येथील लष्करी डॉक्टर जेफ्री मॅकडोनाल्ड यांची पत्नी आणि दोन मुली यांचा १७ फेब्रुवारी १९७० रोजी घरात खून झाला. १९७९ मध्ये मॅकडोनाल्ड यांनाच दोषी ठरवले गेले. घरात घुसलेल्या अनोळखी टोळक्याने हे केले, असे ते आजतागायत सांगतात. मॉरिस यांना या निकालाबद्दल दाट शंका होती. चित्रपटाला पैसे मिळाले नाहीत म्हणून त्यांनी २०१२ मध्ये ‘अ वाइल्डरनेस ऑफ एरर’ हे जाडजूड पुस्तक लिहिले. पुस्तकाची चर्चा झाली, पण न्यायालये बधली नाहीत. २०२० मध्ये त्याच पुस्तकावर मार्क स्मर्लिंग यांनी मालिका केली. तिच्यात मॉरिस स्वतः कॅमेऱ्यासमोर बसलेले दिसतात आणि त्यांचाच निष्कर्ष तपासला जातो. मालिका काही त्यांच्या बाजूला झुकत नाही.

आयुष्यभर दुसऱ्यांची जबानी तपासणाऱ्याने स्वतः साक्षीदाराच्या खुर्चीत बसावे, हा प्रसंग आम्हाला त्यांच्या सगळ्या पुरस्कारांपेक्षा बोलका वाटतो. एका खटल्यात आपण बरोबर ठरलो याचा अर्थ पुढच्या खटल्यातही आपले नाक तितकेच तीक्ष्ण असेल, असा होत नाही.

अलीकडे त्यांनी गुन्ह्यांवर काय केले?

२०१७ मध्ये नेटफ्लिक्ससाठी ‘वर्मवुड’ ही सहा भागांची मालिका. फ्रँक ओल्सन हे अमेरिकी लष्कराचे शास्त्रज्ञ २८ नोव्हेंबर १९५३ रोजी न्यूयॉर्कच्या एका हॉटेलच्या खिडकीतून पडून मरण पावले. काही दिवस आधी सीआयएच्या माणसांनी त्यांना नकळत एलएसडी हे भ्रम निर्माण करणारे द्रव्य दिले होते. तो अपघात होता, आत्महत्या होती की खून, याच प्रश्नाला त्यांच्या मुलाने आयुष्य वाहिले, आणि मालिकेचा खरा विषय तो मुलगा आहे. (तारीख पाहिलीत? वुड यांचा खून झाला तीच, तेवीस वर्षांपूर्वीची.) या वेळी मॉरिस यांनी पीटर सार्सगार्डसारखे नामवंत नट घेऊन मोठे नाट्यप्रवेश केले. आम्हाला ते थोडे लांबले असे वाटले. २०२५ मध्ये चार्ल्स मॅन्सनच्या टोळीने केलेल्या खुनांवर त्यांचा ‘केऑस’ हा चित्रपट आला.

ज्याचा खून झाला त्याचे काय?

हा आक्षेप रास्त आहे. डॅलसच्या चित्रपटात ॲडम्स आणि हॅरिस आपल्याला नीट कळतात. रॉबर्ट वुड हे नाव, गणवेशावरची छिद्रे आणि शवचिकित्सेची रेखाचित्रे यांपलीकडे जवळपास काहीच उरत नाही. वुड यांच्या खुनाबद्दल हॅरिसवर कधीच खटला भरला गेला नाही, त्यामुळे कायद्याच्या दृष्टीने तो खून आजही कोणाच्या नावावर नाही. एक अन्याय दूर झाला आणि दुसरा उघडाच राहिला. माहितीपट करणाऱ्याला मारेकऱ्याचा चेहरा मिळतो, मृताचा मिळत नाही; म्हणून तो शोधण्यासाठी मुद्दाम कष्ट घ्यावे लागतात, आणि मॉरिस यांनी या चित्रपटात ते पुरेसे घेतले नाहीत.

भारतात असे काम करताना कायद्याचे कोणते भान ठेवावे लागते?

येथे ज्युरी नाही, म्हणून मॉरिस यांच्या पद्धतीचा निम्मा संदर्भ बदलतो; पण चालू खटल्यावर परिणाम होऊ नये हा दंडक येथेही आहेच. शीना बोरा खून खटल्याशी संबंधित मालिकेला स्थगिती मिळावी म्हणून सीबीआय २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात गेली होती. न्यायमूर्तींनी मालिका आधी स्वतः पाहिली, खटल्याला बाधक असे तिच्यात काही नाही असे त्यांचे मत झाले, आणि २९ फेब्रुवारीला ती प्रदर्शित झाली. कैद्याच्या मुलाखतीबाबत १९८१ चा प्रभा दत्त खटला आजही सांगितला जातो : फाशीची शिक्षा झालेल्या बिल्ला आणि रंगा यांना भेटण्याची परवानगी सर्वोच्च न्यायालयाने पत्रकारांना दिली, मात्र कैद्यांची तयारी असेल तरच. लैंगिक अत्याचाराच्या पीडितेची ओळख उघड करणे भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ खाली गुन्हा आहे आणि बालकांच्या बाबतीत पॉक्सो व बालन्याय कायदे वेगळे निर्बंध घालतात. आवाज बदलून चेहरा धूसर केला, पण गल्लीचे नाव आणि शाळेचा गणवेश दिसू दिला, तर ओळख उघड झालीच, हे संकलनाच्या टेबलावर बसणाऱ्याने विसरू नये.

नवख्याने कुठून सुरुवात करावी?

आपल्या जिल्हा न्यायालयातल्या एखाद्या निकाली निघालेल्या खटल्याचे निकालपत्र मिळवा आणि कॅमेऱ्याला हातही न लावता ते तीनदा वाचा. पहिल्यांदा सगळे पटते. दुसऱ्यांदा वेळा लिहून काढा : कोण किती वाजता कुठे होता असे कोणी सांगितले. तिसऱ्यांदा प्रत्येक साक्षीदार जिथे उभा होता म्हणतो तिथून त्याला ते दिसणे शक्य होते का, हे नकाशा काढून पाहा. एवढे करूनही काहीच खटकले नाही तर बहुधा निकाल बरोबर आहे, आणि तुमच्याकडे चित्रपट नाही. हे मान्य करता येणे हीसुद्धा पात्रताच.

ॲडम्स आणि हॅरिस यांचे पुढे काय झाले?

हॅरिसला बोमाँटच्या खुनासाठी ३० जून २००४ रोजी टेक्ससमध्ये मृत्युदंड देण्यात आला. ॲडम्स काही वर्षे फाशीच्या शिक्षेविरुद्ध ठिकठिकाणी बोलत राहिला, मग हळूहळू लोकांच्या नजरेआड गेला आणि ओहायोतल्या एका लहान गावात शांतपणे राहू लागला. ३० ऑक्टोबर २०१० रोजी मेंदूतील गाठीच्या आजाराने तो वारला. ज्याच्या सुटकेची बातमी एके काळी देशभर पोहोचली होती, त्याच्या मृत्यूची बातमी वर्तमानपत्रांना कळली ती पुढच्या वर्षीच्या जूनमध्ये.